उंबऱ्यापुरतं सारवण

माझी नणंद शिवलीला मेलेल्या गावांची डॉक्टर आहे, असं मी तिला चिडवायची आणि ती हसायची. निमटेरमधल्या जिवंत माणसांचं औषधपाणी आमच्या दुकानातून चाले आणि मेलेल्यांची नाडी ती बघे, गावाबाहेरच्या पांढरीच्या, म्हणजे जुन्या वस्तीच्या मातीच्या टेकाडावर, टोपी घालून, भर उन्हात. फरक एवढाच, की तिची गिऱ्हाईकं उधारी ठेवत नसत आणि तक्रारही करत नसत.

त्या टेकाडात एकाखाली एक अशी दोन गावं आहेत. वरचं सहासातशे वर्षांपूर्वीचं. दगडी गटारं, काचेच्या बांगड्यांचे तुकडे, कोपऱ्यातल्या चुली. त्याच्या खालचं दोन हजार वर्षांपूर्वीचं, सातवाहनांच्या वेळचं. तेव्हा इथलं कापड बैलांवर लादून कोकणच्या बंदरात जाई आणि तिथून रोमच्या व्यापाऱ्यांकडे. बदल्यात आलेल्या मद्याच्या उभट सुरयांची खापरं लीला मला दाखवायची. "बघ वहिनी, निमटेरात तेव्हापासून इंपोर्टेड बाटल्या फुटतायत." ही दोन्ही गावं आपापल्या वेळी रिकामी झाली. तिसरं गाव आमचं, टेकाडाच्या पायथ्याशी, आठवडी बाजार आणि दहावीपर्यंतची शाळा असलेलं.

मी लातूरची. लग्न होऊन आले तेव्हा या गावात महिनाभर रडत होते, हे आमच्या यांना अजून आठवतं. पण औषधशास्त्राची पदविका माझी, दुकानाच्या भिंतीवरचा परवाना माझ्या नावाचा, आणि पाटीवर मात्र यांचं नाव, 'मन्मथ मेडिकल'. हळूहळू गाव अंगवळणी पडलं आणि मग जिवाभावाचं झालं. आम्ही बाजाराच्या तोंडाशी नवं दुकान बांधणार होतो. त्यात मागच्या अंगाला एक खोली माझी, रक्त-लघवी तपासायची. नाहीतर साध्या साखरेच्या तपासणीला सुद्धा लोकांना तालुक्याला जावं लागे. जंगमस्वामींच्या हातून पायापूजन झालं होतं, पायाचे चर खणून तयार होते. त्या खोलीची खिडकी कुठं येणार हेसुद्धा मी ठरवलं होतं.

त्याच हिवाळ्यात ओजस केळुसकर आपलं यंत्र घेऊन आला.

ओजस लीलाच्या पुरातत्त्व संस्थेतला तरुण शास्त्रज्ञ. यंत्र एखाद्या फ्रीजला आडवं करून ठेवावं तेवढं. त्याचं शास्त्र लीलानं मला दुकानात बसून समजावलं. मातीचं घर सारवलं की जमिनीवर शेणमातीचा एक पातळ पापुद्रा बसतो. पुढच्या वेळी त्यावर दुसरा, मग तिसरा. जमिनीतून बोटाएवढी मातीची कांडी काढून यंत्रात घातली की ते लेसरनं एकेक पापुद्रा वाचतं. शेणातलं गवत कुठल्या ऋतूतलं, राख किती, खरकटं किती, जंतांची अंडी किती, सगळं. गटारातला गाळ आणि उकिरड्याची माती वाचायचीही हीच रीत.

ओजसनं त्याला जगभरातली साठेक मेलेली गावं शिकवली होती. इटलीतलं एक रोमन बंदर, इंग्लंडातलं एक मध्ययुगीन बाजारगाव, अशी, ज्यांचं ओसाड पडण्याचं साल आधीच ठाऊक आहे. आणि त्यातून जे निघालं ते असं. गाव कशानंही मरो, दुष्काळानं, रोगानं, व्यापार बुडाल्यानं, मरण्याचा क्रम एकच. आधी लोक सामाईक गटार उपसायचं थांबवतात. मग कचरा वेशीबाहेर न्यायचा कंटाळा करतात आणि शेजारच्या रिकाम्या खोलीत टाकायला लागतात. मग घराची डागडुजी जिथं पाय पडतो तेवढ्यापुरती होते. शेवटी सारवण फक्त उंबऱ्यापाशी उरतं. कुठल्याही थराची कांडी दिली की यंत्र सांगे, हा थर पडला तेव्हा गाव ओस पडायला किती वर्षं उरली होती. गाव धडधाकट असेल तर पडद्यावर येई, 'लक्षण नाही'.

टेकाडातल्या दोन्ही गावांचा क्रम तोच निघाला. मधे बाराशे-तेराशे वर्षं गेलेली, माणसं वेगळी, देव वेगळे, पण शेजाऱ्याच्या खोलीत केर टाकण्याची तऱ्हा तीच. खणायला येणारे मजूर यंत्राला जोशीबुवा म्हणायला लागले. "जोशीबुवा मागचं सांगतेत," असं म्हणून हसायचे.

कुठलीही तपासणी करायची तर तुलनेला एक धडधाकट नमुना लागतो, हे मलाही कळतं. ओजसला जिवंत घराची जमीन हवी होती. आता गावभर फरशा झालेल्या. मातीची जमीन उरली होती ती एका गयाबाईंची. गयाबाई उत्खननाच्या मंडळींचा स्वयंपाक करायच्या. सत्तरीच्या, एकट्या. त्यांची ती दोन खोल्यांची जागा या शहरी मंडळींना फार आवडे. अस्सल म्हणायचे तिला. तिथून, उंबऱ्यापासून आत चार हातांवर, ओजसनं कांडी काढली.

पडद्यावर 'लक्षण नाही' यायला हवं होतं. आलं 'सात'. मागंपुढं दोन वर्षं.

ओजसनं दुसरी कांडी काढली. पुन्हा सात.

हे मला लीलानंच सांगितलं, आमच्याकडे जेवायला आली तेव्हा. ताटातलं तिनं काही खाल्लं नव्हतं. हे तिला आग्रह करत होते. आईवडील लवकर गेले, तिला यांनीच वाढवली आणि शिकवली, त्यामुळं ती चाळिशीला आली तरी यांच्या लेखी शाळेतलीच.

"अण्णा, पाया इतक्यात भरू नकोस," ती म्हणाली.

"कामून? पूजा झाली की."

"थांब थोडं. ओजस म्हणतोय कुणाला सांगू नका, आणखी नमुने घेऊ. मी कुणाला सांगत नाहीये. तुला सांगतेय." आणि तिनं सगळं सांगितलं.

मी म्हटलं, "एका म्हातारीच्या घरातली बोटभर माती, आणि त्यावरून सहा हजार माणसांचं गाव?"

"साठ गावांत ते एकदाही चुकलं नाही, वहिनी."

ताटातली भाकरी यांनी हळूहळू संपवली. भीती यांना लवकर वाटत नाही, पण एकदा वाटली की ती कुणी काढू शकत नाही, हे मला ठाऊक होतं.

आठवडाभरानं यांनी माणसं लावून पायाचे चर बुजवले. माझ्याशी एक शब्दही न बोलता. मी दुकानात होते आणि गिऱ्हाइकानं येऊन मला सांगितलं. घरी येऊन मी जे भांडले ते शेजारपाजाऱ्यांनी ऐकलं असणार. पण ऐकायची गरजही नव्हती. पायापूजन झालेला चर कुणी बुजवतं का? माणूस मेला तरी त्याची पोरं दोन थर दगड लावून ठेवतात. आणि ज्यानं बुजवला त्याची सख्खी बहीण जोशीबुवापाशी काम करते. गावानं दोन आणि दोन चार केले.

महिन्याच्या आत ग्रामसभा झाली. सरपंच रामलिंग ढोबळे यांनी लीलाला समोर बोलावलं.

"शिवलीलाताई, आडपडदा नको. यंत्र काय म्हनलं?"

लीलाला खोटं बोलता येत नाही. तिनं नमुना एकाच घरातला आहे, यंत्र नवीन आहे, चूक असू शकते, हे सगळं नीट सांगितलं.

"ते ऱ्हाऊ द्या. वर्सं किती?"

"सात," ती म्हणाली.

तिचं बाकीचं बोलणं सभेतून बाहेर पडलंच नाही. सात हा आकडा मात्र त्याच दिवशी तालुक्याला पोचला. पहिल्यांदा मोडली ती ढोबळ्यांच्याच पुतण्याची सोयरीक. मुलीच्या बापानं निरोप धाडला, ओस पडणाऱ्या गावात लेक देत नसतो. मग एक किराणा दुकान तालुक्याला हललं. मग कापडवाले. दर मंगळवारी लातूरहून एक डॉक्टर येत, आमच्या दुकानात बसून रोगी तपासत. यांनी त्यांच्या कानात काहीतरी सांगितलं आणि ते यायचे बंद झाले. डॉक्टर नाही म्हटल्यावर लहान लेकरांच्या आया माहेरी किंवा शहरात राहायला लागल्या. शाळेचे वर्ग विरळ झाले, तशी दुपारची एसटी बंद झाली.

"बघ, सुरू झालं," हे मला म्हणायचे. यांच्या आवाजात दुःख होतं आणि, देवाशपथ, थोडं समाधानही होतं.

यांनी लातुरात भाड्याची जागा बघितली. मी नाही म्हणत होते आणि सामान बांधतही होते. दुकानातली उरलीसुरली औषधं ज्याची त्याला घरपोच देत फिरत असताना मी गयाबाईंकडे गेले. त्यांना दर महिन्याला गुडघ्यांचं मलम आणि गोळ्या लागायच्या. दार उघडंच होतं. बाई लाकडी पाटावर पाय लांब सोडून बसलेल्या, बाजूला शेणाची पाटी. उंबऱ्याच्या आत हातभर जागा त्यांनी ओली केली होती. त्यापलीकडे खोलीभर खताची रिकामी पोती अंथरलेली.

"बाई, एवढंच सारवता?"

"मंग काय करू, माय? गुडघं वाकत न्हाईत. पाच-सात वर्सं झाली, उंबऱ्यापुरतंच लावते. लक्ष्मी यायच्या वाटंवर तरी असावं. आत कोन बघतंय? पोती हायेत."

मी औषधं तिथंच ठेवली आणि टेकाडाकडं अक्षरशः पळत गेले. लीला खड्ड्यात उतरली होती. मी वरूनच ओरडले, "लीले, तुम्ही गावाची जमीन मोजलीच नाही! तुम्ही गयाबाईंचे गुडघे मोजलेत!"

ती आधी गोंधळली. मग तिला समजलं आणि ती तिथंच मातीत बसली. गावभर फरशा झालेल्या. फरशी पुसली की तिचा पापुद्रा बसत नाही. या शिकल्यासवरल्या मंडळींना जुनी अस्सल जमीन हवी होती, म्हणून त्यांनी गावातलं सगळ्यांत थकलेलं घर शोधून काढलं आणि त्यालाच धडधाकट म्हणून यंत्रात घातलं. यंत्र खोटं बोललं नव्हतं. गयाबाईंच्या घराची सात वर्षं खरीच असतील.

मग ओजस आणि लीलानं जे आधी करायचं ते केलं. बाजारातल्या गटाराचा गाळ, तीन गल्ल्यांची माती, गावाबाहेरच्या उकिरड्याचे थर, शाळेच्या मैदानाच्या कडेची माती. एकूण एक नमुन्यावर 'लक्षण नाही'. मला इतका आनंद झाला की मी गयाबाईंना पेढे नेऊन दिले, आणि त्यांना कशाचे ते समजेना.

लीलानं पुन्हा ग्रामसभा बोलवायला लावली. या वेळी निम्मेच लोक आले. तिनं चूक जशीच्या तशी कागदावरून वाचून सांगितली, हात जोडून माफी मागितली. ढोबळे शांतपणे ऐकत होते. शेवटी म्हणाले, "ताई, वरून दाब आला आसंल. आम्ही समजू शकतो."

कुणी चिडलंसुद्धा नाही. सगळ्यांनी तिच्याकडं कीव आल्यासारखं बघितलं आणि घरी गेले. वाईट बातमी खरी आणि चांगली बातमी सरकारी, असं आपल्याकडं लोकांच्या रक्तातच आहे.

घरी मी यांच्यापुढं बसले. "आता तरी ऐका. चर पुन्हा उघडू. डॉक्टरांना मी फोन करते."

"महानंदा," हे म्हणाले, "पहिल्यांदा लीला आली तेव्हा तिला घास गिळवत नव्हता. ते मी डोळ्यानं बघितलं. आज ती कागद वाचून बोलली. तू सांग, मी कशावर विश्वास ठेवू?"

लीला दारातच उभी होती. तिनं ऐकलं. "अण्णा, तेव्हा मी घाबरले होते. घाबरलेल्या माणसाचं खरं नसतं."

"घाबरलेला माणूसच खरं बोलतो," हे म्हणाले, आणि पुढचं सामान बांधायला उठले.

निघायच्या आदल्या दिवशीची एक गोष्ट मी कुणालाही सांगितलेली नाही. दुकान झाडून सुपलीभर केर निघाला होता. कचऱ्याची गाडी यायची थांबली होती आणि उकिरडा लांब. शेजारचं कापडवाल्यांचं दुकान रिकामं, मागचं दार नुसतं लोटलेलं. मी ते ढकललं आणि केर आत टाकला. आत आधीच तीन-चार घरांचा केर पडलेला होता. लीलाच्या खड्ड्यात मी अशीच खोली बघितली होती, राख, खरकटं, फुटक्या बांगड्या. सगळं माहीत असलेली मी, आणि तरी माझा हात थांबला नाही. केर मी परत भरून घेतला नाही. वेळ नव्हता, असं मी स्वतःला सांगितलं.

आम्हाला लातुरात येऊन दीड वर्ष झाल्यावर ओजसनं त्याच गटारांची, त्याच गल्ल्यांची माती पुन्हा तपासली. आकडा आला पाच. पहिल्या भाकितापासून मोजलं तर जवळजवळ बरोबर सातच भरतात. ओजसचा शोधनिबंध गाजला. जिवंत गावाचं मरण आधी सांगणारं आणि खरं ठरलेलं पहिलं यंत्र, असं त्याचं नाव झालं. गयाबाईंच्या गुडघ्यांचा उल्लेख त्यात एका तळटीपेत आहे, 'नमुन्याच्या निवडीतील मर्यादा' म्हणून. लीलानं त्या निबंधावरून स्वतःचं नाव काढून घेतलं. ती अजून टेकाडावर खणते, पण यंत्राला हात लावत नाही.

यंत्राला गिऱ्हाइकांची मात्र कमी नाही. रस्ता कुठल्या गावापर्यंत न्यायचा, दवाखाना कुठं मंजूर करायचा, हे आता माती बघून ठरतं. ज्या गावाचा आकडा लहान, तिथं काहीच जात नाही, मग आकडा आणखी लहान होतो. लातुरात संस्थेचं एक केंद्र उघडलंय. लोक आपापल्या अंगणातली माती पिशव्यांत भरून आणतात आणि सकाळपासून बाहेर उभे राहतात.

गेल्या आठवड्यात यांनी शहराच्या कडेला एक जागा पसंत केली, दुकान आणि वर राहायचं घर बांधायला. लीला आमच्याकडे आलेली होती. यांनी तिथल्या गटाराचा गाळ एका प्लॅस्टिकच्या पिशवीत आणून तिच्यापुढं ठेवला.

"बघ जरा."

तिनं पिशवी उघडलीसुद्धा नाही. "अण्णा, चांगली जागा आहे. मी काल बघून आले. शेजारी माणसं आहेत, पोरं खेळतात, रस्ता झाडलेला असतो. बांध तू."

"ते झालं. आकडा किती?"

"आकडा नको. मी सांगतेय ना."

यांनी न रागावता पिशवीला गाठ मारली, चपला घातल्या आणि केंद्राकडं निघाले. लीला माझ्याकडं बघून म्हणाली, "वहिनी, तू तरी थांबव त्याला." तिचे डोळे भरले होते.

मी थांबवायलाच निघाले. खरंच. केंद्र दोन चौक पलीकडं. रांग वळून कोपऱ्यापर्यंत आली होती. जो तो आपली माती छातीशी धरून उभा. हे शेवटी उभे होते. मी जवळ गेले, "चला घरी," म्हणायला तोंड उघडलं, आणि यांनी पिशवी माझ्याकडं देऊन खिशातून रुमाल काढला. पिशवी थंड आणि जड होती. चूक काय होती, कुणाची होती, कशी झाली, सगळं मला पाठ आहे. तरी त्या वेळी माझ्या मनात एकच होतं, की आकडा मोठा येऊ दे. मी यांच्या शेजारी उभी राहिले.

पुढं माझ्याच वयाची एक बाई होती. हात भरून आले म्हणून तिनं पिशवी दोघींच्या मध्ये जमिनीवर टेकवली होती. मागं वळून तिनं विचारलं, "तुम्ही कुठल्या?"

"निमटेरच्या," मी म्हणाले.

तिनं खाली वाकून आपली मातीची पिशवी उचलली आणि पलीकडच्या बाजूला ठेवली.